दीड एसटीएवढं घर, भर समुद्रात

'तारिणी' ही आपल्या नौदलाची शिडाची होडी. लांबी १७ मीटर, रुंदी जास्तीत जास्त ५ मीटर. आकडे ऐकून डोळ्यांसमोर काही येत नाही ना? माझ्याही आलं नव्हतं. मग एक दिवस कागलच्या स्टँडवर गाडीची वाट बघत असताना समोरच्या लाल एसटीवरून हिशेब मांडला. लांबी दीड एसटीएवढी. रुंदी म्हणजे दोन एसट्या शेजारी शेजारी, आणि तीही फक्त मधोमध, कारण पुढं टोकाकडं ती निमुळती होत जाते. झालं घर!

एवढ्या जागेत सहा जणी राहिल्या. १० सप्टेंबर २०१७ ला गोव्याहून निघाल्या आणि पृथ्वीला वळसा घालून २१ मे २०१८ ला गोव्यालाच परत आल्या. २५४ दिवस. लेफ्टनंट कमांडर वर्तिका जोशी कप्तान, बरोबर प्रतिभा जामवाल, स्वाती पी., ऐश्वर्या बोड्डपाटी, विजया देवी आणि पायल गुप्ता. पुढं २ ऑक्टोबर २०२४ ला हीच होडी पुन्हा निघाली, पण या वेळी आत दोघीच होत्या, दिलना के. आणि रूपा ए. त्या २९ मे २०२५ ला परतल्या, पंचवीस हजारांहून जास्त सागरी मैल कापून. सागरी मैल आपल्या किलोमीटरच्या जवळजवळ दुप्पट असतो, हे लक्षात घ्या.

बातमी आपण सगळ्यांनी बघितली. अभिमान वाटला, मोबाइलवर चार ठिकाणी पाठवली आणि कामाला लागलो. आमच्या बचत गटाच्या मीटिंगमध्ये मात्र ती बातमी संपलीच नाही. हप्ते गोळा करून झाले, वही मिटली, तरी बायका हलेनात. "ताई, आठ म्हैनं पाणी कुटलं पित्यात ओ त्या?" "स्वैपाक कसा करत्यात? भांडी पडत न्हाईत?" "संडास कुटं असतंय?" एकीनं मान खाली घालून विचारलं, "आन् पाळीचं?" आणि सगळ्यात मागं बसलेल्या म्हातारीनं विचारलं ते असं, "पर ती होडी उलटत कशी न्हाई?"

मी आर्ट्सची पदवीधर. समुद्रातला माझा प्रवास म्हणजे मालवणच्या धक्क्यावरून सिंधुदुर्ग किल्ल्यापर्यंत, तोही डोळे मिटून. एकाही प्रश्नाचं धड उत्तर माझ्याकडं नव्हतं. पण प्रश्न इतके बरोबर होते की मला त्या होडीचा नादच लागला. मिळेल ते वाचलं, फिल्म बघितल्या. आणि लक्षात आलं की बायकांच्या धाडसाबद्दल भरभरून लिहिलं गेलंय, पण ज्या होडीच्या जिवावर हे धाडस झालं ती कशी बांधलीय हे कुणी आपल्याला समजावून सांगितलेलंच नाही. खरी गंमत तर तिथं आहे!

म्हातारीच्या प्रश्नापासूनच सुरुवात करू.

आपल्याकडं गुऱ्हाळातली काईल कुणाला सांगायला नको. पूल नव्हते तेव्हा पावसाळ्यात माणसं याच काईलीत बसून नदी ओलांडायची. काईलीत बसलं की हलायचं नाही, शिंकायचंसुद्धा नाही, असं माझ्या सासूबाई सांगायच्या. कारण ती गरागरा फिरते, आणि एकीकडं भार झाला की कलंडते. तिचा तळ उथळ. पाण्यात खोल रुतून बसेल असं तिला खाली काहीच नाही. माणसं आत बसली किंवा उभी राहिली की सगळं वजन वर.

'तारिणी'सारख्या लांब पल्ल्याच्या होडीचं नेमकं उलटं असतं. तिच्या पोटाखाली, पाण्यात, एक जाड पातं उभं बसवलेलं असतं. त्याला कील म्हणतात. या कीलमध्ये भरतात शिसं. होडीचं एकूण वजन सुमारे २३ टन. अशा होड्यांमध्ये त्यातला तिसरा हिस्सा किंवा जवळपास तेवढा भार निव्वळ या तळाच्या शिशाचा असतो. लहान मुलांची डोलणारी बाहुली आठवा. बुडाशी जड, कितीही ढकला, पुन्हा उभी. तसंच हे. वारा शिडाला ढकलून होडीला आडवं करायला लागला की खालचं शिसं तिला परत सरळ ओढतं. जितकी कलंडेल तितकी ओढ वाढत जाते. राक्षसी लाटेनं पुरती उलटी केली तरी ती फिरून वर यावी, असाच तिचा आराखडा असतो. अर्थात आत पाणी शिरलं नाही तर. म्हणून आत उतरायचं दार अगदी अरुंद आणि फळ्या लावून घट्ट बंद होणारं. बाहेर बसायची जागाही लहानच ठेवतात आणि तिला पाणी निघून जायला मोठी भोकं असतात, म्हणजे लाट आत आली तरी साठून राहत नाही.

हे सांगत होते तेव्हा मीटिंगमध्ये एकदम शांतता झाली. कारण ऑगस्ट २०१९. आपल्यापासून काही तासांवरच्या ब्रह्मनाळला, पलूस तालुक्यात, पुराच्या पाण्यातून माणसं बाहेर काढताना नाव उलटली आणि किती जीव गेले. त्यात बायका होत्या, लेकरं होती. पुराच्या नावेला कील लावता येत नाही, उथळ पाण्यात ती अडकेल, हे मला कळतं. पण वजन खाली आणि मधोमध, उभं कुणी राहायचं नाही, क्षमतेबाहेर एकही माणूस नाही, अंगात जॅकेट असल्याशिवाय नावेत पाय ठेवायचा नाही, हे तर आपल्या हातात आहे ना? दर दोन-तीन वर्षांनी पूर येणाऱ्या जिल्ह्यात हे शाळेत शिकवायला हवं, असं माझं ठाम मत आहे. असो. त्यावर स्वतंत्र लिहीन.

कीलचं दुसरं काम त्याहून गमतीचं. वारा ज्या दिशेनं येतो त्याच दिशेला शिडाची होडी जाऊ शकते! मला हे वाचून खरंच वाटेना. पण आंबोलीचा घाट आठवा. गाडी डोंगरावर सरळ चढते का? वळणं घेत घेत चढते. तशीच होडी वाऱ्याला तिरकी धरून थोडी डावीकडं, मग थोडी उजवीकडं, अशी नागमोडी पुढं सरकते. शीड म्हणजे नुसतं कापडाचं पोतं नव्हे. ते विमानाच्या पंखासारखं गोलाई देऊन शिवलेलं असतं. त्याच्या दोन बाजूंनी वारा वेगवेगळ्या वेगानं वाहतो आणि शीड पुढं आणि आडवं असं दोन्हीकडं ओढलं जातं. आडवी ओढ खालचं कील अडवतं, पुढची तेवढी शिल्लक राहते. काईलीला शीड लावलं तर ती वाऱ्याबरोबर पाचोळ्यासारखी वाहत जाईल, एवढंच.

डोलकाठी २५ मीटर उंच, म्हणजे आठ मजली इमारतीएवढी. तिला सगळ्या बाजूंनी पोलादी तारांचे ताण. शिडं एकूण सहा. मंद वाऱ्याची मोठी आणि पातळ, वादळाची अगदी लहान आणि जाड. वारा वाढेल तसं मोठं शीड खाली घेऊन आखडतं करायचं, म्हणजे साडी वर खोचून घेतो तसं. जाणकार सांगतात की शीड आखडावं का, असा प्रश्न मनात आला की तीच वेळ. थांबलात तर उशीर झाला. या सहा जणींना दक्षिण महासागरात ताशी शंभर किलोमीटरच्या वर वारा लागला होता. अशा वाऱ्यात आपण गच्चीवरचे कपडेसुद्धा काढायला जात नाही.

आता मला सगळ्यात महत्त्वाचं वाटलं ते सांगते.

जोरदार वाऱ्यात शिडाच्या दोरावरचा ताण किलोत मोजत नाहीत, टनांत मोजतात. तो ओढायला किती बळ लागत असेल? पहिलवान लागेल? आपल्या कोल्हापूर जिल्ह्यात पहिलवानांना काय तोटा! पण पहिलवानालाही तो दोर हातानं हलायचा नाही. पुरुष असो की बाई, नुसत्या दंडाचं ते कामच नाही. त्यासाठी होडीवर विंच असतात. विंच म्हणजे उभा छोटा रहाट समजा. दोराचे तीन-चार वेढे त्याला द्यायचे आणि हँडल फिरवायचं. आत दातेरी चाकं असतात. मोठ्या विंचवर हाताचा जोर चाळीस-पन्नास पट होतो. वरच्या कडेला एक खोबण असते, ती ओढलेला दोर आपोआप पकडून ठेवते, म्हणजे दोन्ही हात हँडलला मोकळे. शिवाय अनेक दोर डोलकाठीपासून मागं, बसायच्या जागेजवळ आणून ठेवता येतात, म्हणजे उसळत्या डेकवर पुढं जायचं काम तेवढंच कमी. पन्नास-पंचावन्न किलोची मुलगी टनाचा ताण ओढते ती अशी. वेळ जास्त लागतो. काम तेच होतं.

हे समजलं तेव्हा मला आमच्या गटातली एक सून आठवली. पंचतारांकित एमआयडीसीतल्या एका कारखान्यात ती मशीनवर होती. मशीनची उंची पुरुषाच्या मापाची. ही बिचारी घरून लाकडी पाट घेऊन जायची आणि आठ तास त्यावर उभी राहायची. लिव्हर खेचायला खांदा भरून यायचा. शेवटी 'बायकांना हे काम झेपत नाही' म्हणून तिला पॅकिंगला टाकलं, पगार कमी. झेपत नव्हतं की पोचत नव्हतं? लिव्हर वीतभर लांब केला असता, मशीनपुढं नीट चौथरा केला असता तर? कुणी विचारलंच नाही. होडी बांधणाऱ्यानं असा विचार आधी केला नाही तर माणूस समुद्रात जिवानिशी जातो, म्हणून तिथं तो करावाच लागतो. आमच्या सुनेचा फक्त खांदा गेला, म्हणून कुणाचं काही अडलं नाही.

होडी बांधली कुणी, हेही ऐका, कारण ही आपल्या माणसांची गोष्ट आहे. एकट्या भारतीयानं शिडाच्या होडीतून पृथ्वीप्रदक्षिणा करावी, ही कल्पना व्हाइस अॅडमिरल मनोहर आवटी यांची. १९७१ च्या युद्धात वीरचक्र मिळवलेले हे नौदल अधिकारी निवृत्तीनंतर राहायला आले ते फलटणजवळच्या विंचुर्णीला. कुठं विंचुर्णी आणि कुठं समुद्र! तिथून पत्रं लिहून लिहून त्यांनी हा ध्यास सोडला नाही. पुढं आले कमांडर दिलीप दोंदे. आणि होडी बांधायचं मनावर घेतलं रत्नाकर दांडेकर यांनी. गोव्यात मांडवी नदीतल्या दिवाडी बेटावर त्यांचा कारखाना. तोवर त्यांनी अशी शिडाची होडी कधी बांधलेली नव्हती. नेदरलँड्सच्या व्हॅन डी स्टॅट या कंपनीचा आराखडा घेतला आणि २००९ साली होडी नौदलात दाखल झाली. नाव 'म्हादेई', मांडवी नदीचंच जुनं नाव, जिचा उगम आपल्या शेजारच्या बेळगाव जिल्ह्यात आहे. ऑगस्ट २००९ ते मे २०१० या काळात दोंदे तिच्यातून चार ठिकाणी थांबत एकट्यानं जग फिरून आले. अशी प्रदक्षिणा करणारे ते पहिले भारतीय. २०१२-१३ मध्ये अभिलाष टॉमी त्याच होडीतून कुठंही न थांबता १५१ दिवसांत आले. 'तारिणी' ही 'म्हादेई'ची धाकटी बहीण. तोच आराखडा, तोच कारखाना, फक्त अनुभवाने केलेल्या सुधारणा. १८ फेब्रुवारी २०१७ ला ती नौदलात दाखल झाली. ओडिशातल्या तारातारिणी देवीचं नाव तिला दिलंय. मुलींना शिकवलं ते दोंदेंनी, आणि नंतरच्या दोघींना टॉमींनी.

होडीचं अंग कशाचं? मला वाटलं लोखंडाचं. तर नाही! हलक्या देवदारासारख्या लाकडाच्या पट्ट्या एकाला एक चिकटवून सांगाडा आणि त्याच्या आतून बाहेरून फायबरचे थर. पुरणपोळीच म्हणा ना. पारी पातळ पण चिवट, पुरण जाड आणि हलकं. दोन्ही एकजीव झाल्यावर ताकद येते. आणि आत आडव्या भिंती घालून कप्पे केलेले असतात, मिसळणाच्या डब्यासारखे. एका कप्प्यात पाणी शिरलं तर ते तिथंच अडवायचं.

जाता जाता एक सांगू? जगात पहिल्यांदा न थांबता, एकट्यानं पृथ्वीप्रदक्षिणा पूर्ण केली ती इंग्लंडच्या रॉबिन नॉक्स-जॉन्स्टन यांनी, १९६८-६९ मध्ये. त्यांची 'सुहेली' ही होडी अवघी ३२ फुटी, सागवानी, आणि बांधलेली कुठं? आपल्या मुंबईत! आपल्याला हे शाळेत का नाही सांगितलं, कोण जाणे.

आता बायकांच्या खऱ्या प्रश्नांकडं वळू. स्वयंपाक. होडी एका बाजूला पंचवीस-तीस अंश कलून तासन् तास, कधी दिवसेंदिवस तशीच चालते. आपला ओटा तसा तिरका केला तर दुधाचं पातेलं कुठं जाईल? म्हणून होडीतली शेगडी दोन खिळ्यांवर टांगलेली असते, पाळण्यासारखी. होडी कलली तरी शेगडी समपातळीत. वर पातेलं धरून ठेवणारे चिमटे, भोवती कठडा. सिंक खोल आणि लहान, होडीच्या मध्यरेषेजवळ, म्हणजे कलल्यावर पाणी सांडत नाही. ओटा इंग्रजी 'यू'च्या आकाराचा आणि कमरेला बांधायला पट्टा, म्हणजे स्वयंपाक करणारीचे दोन्ही हात मोकळे राहतात. कपाटाला चाप असल्याशिवाय दार नाही. टेबलाला, फळीला, सगळ्याला उभी किनार. कुठल्याही कोपऱ्याला टोक नाही, सगळे गोलाकार, कारण माणूस आदळणार हे गृहीत धरलेलं. आणि हात टाकाल तिथं धरायला दांडा. माझ्या मनात आलं, घरात म्हातारं माणूस न्हाणीघरात पडल्यावर आपण दांडा बसवतो, यांनी पडायच्या आधी बसवलाय.

पाणी? टाक्या असतात, पण त्या आठ महिने पुरणं शक्य नाही. समुद्राचं पाणी गोडं करायचं यंत्र असतं, पण ते विजेवर चालतं आणि बिघडूही शकतं. म्हणून पाऊस आला की शिडावरून ओघळणारं पाणी बादल्यांत धरायचं. आपल्या पागोळ्या धरतो तसंच की! भांडी खाऱ्या पाण्यात धुवायची, गोडं पाणी पिण्याला आणि शिजवायला. अंघोळ ही चैन. हे ऐकून आमच्या गटातल्या बायका हसायला लागल्या. "मग आमी बी जाऊन येतो की, उन्हाळ्यात आमचं आनि येगळं काय असतंय?"

संडास असतो, एक छोटीशी खोली, हातानं मारायचा पंप, भोवती धरायला दांडे. पाळीच्या दिवसांतही काम, पहारा सगळं नेहमीसारखंच. प्लास्टिक समुद्रात टाकायला जगभर बंदी आहे, त्यामुळं वापरलेलं सगळं पिशवीत बांधून पुढच्या बंदरापर्यंत जपून न्यायचं. यात लपवालपवी नाही, कुजबूज नाही. सामानाच्या यादीत डाळ-तांदळाबरोबर हेही लिहिलेलं. आमच्याकडं सार्वजनिक संडासात एक झाकणाचा डबा ठेवा म्हणून किती अर्ज केले, ते मला आठवलं.

झोपायचं कसं, हे कुणी विचारलं नव्हतं, पण मला सगळ्यात आवडलं ते तेच. अरुंद बाकावर झोपायचं आणि उघड्या बाजूला कापडाची भिंत वर ओढून बांधायची. म्हणजे झोळीच! होडी कलली तरी माणूस बाहेर पडत नाही. बाहेर डेकवर जाताना अंगात पट्टा आणि त्याचा हूक पुढून मागं ताणलेल्या जाड पट्टीला. आतून बाहेर पाय टाकायच्या आधी हूक लावायचा, आणि जागा बदलताना दुसरा लावल्याशिवाय पहिला काढायचा नाही. कारण रात्री, त्या थंडीत, समुद्रात पडलेलं माणूस सापडणं जवळजवळ अशक्य.

आणि सगळे झोपले तर होडी कोण चालवणार? पाळ्या असतात. पण दोघीच असतील तर? दिलना आणि रूपा आठ महिने अशाच आलटून पालटून तुटक तुटक झोपल्या. अशा वेळी मदतीला असते एक वाऱ्यावर चालणारी यंत्रणा. होडीच्या मागच्या टोकाला एक पातळ फळी उभी असते. वाऱ्याशी जो कोन धरून जायचंय त्यावर ती लावून ठेवायची. होडी वाट सोडून वळली की वारा फळीच्या बाजूवर लागतो, फळी झुकते, ती खाली पाण्यात सोडलेलं वल्ह्यासारखं पातं जरासं वळवते. वळलेल्या पात्यावर वाहत्या पाण्याचा जोर येऊन ते एका बाजूला फेकलं जातं आणि त्याला बांधलेले दोर सुकाणू फिरवून होडीला परत वाटेवर आणतात. ना वीज, ना बॅटरी, ना माणूस. वारा जेवढा जास्त, होडी जेवढी वेगात, तेवढी ही यंत्रणा जोरकस. उपग्रह फोन, नकाशाचे पडदे, सौर पॅनेल सगळं असतंच. पण वीज गेली तरी पुढं जाता येईल, ही सोय आधी केलेली. लोडशेडिंग भोगलेल्या आपल्यासारख्यांना याचं मोल सांगायला नको.

एवढं करूनही मोडतं. एप्रिल २०१८ मध्ये 'तारिणी'च्या सुकाणूत बिघाड झाला आणि ठरलेलं नसताना मॉरिशसला थांबावं लागलं. दुरुस्ती करून त्या पुढं निघाल्या. त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये अभिलाष टॉमी 'सुहेली'च्या धर्तीवर गोव्यातच बांधलेल्या 'थुरिया' या होडीतून एका जागतिक शर्यतीत होते. हिंदी महासागराच्या दक्षिणेला वादळानं होडी उलटीपालटी केली, डोलकाठी मोडली आणि त्यांच्या पाठीच्या कण्याला जबर मार बसला. होडी बुडाली नाही. हलताही न येणारे टॉमी तीन दिवस तिच्यातच पडून होते, मग 'ओसिरिस' या फ्रेंच जहाजानं त्यांना वाचवलं. म्हातारीला मी हे सांगितलं. उलटते, आजी, पण बुडत नाही, असं बांधतात. ती म्हणाली, "मग झालं की."

आणि हे टॉमी २०२२ मध्ये त्याच शर्यतीत पुन्हा उतरले, दुसरे आले!

आता गटातला शेवटचा प्रश्न, जो मीटिंग संपल्यावर दारात, चपला घालताना विचारला गेला. गटातल्या एकीची लेक दहावीला होती. "ताई, आमची पोरगी जाईल का ओ असल्यात? आपल्याकडं तर समुद्र न्हाई."

पहिल्या सहा जणींची गावं मी तिला सांगितली. प्रतिभा हिमाचलमधल्या कुलूची, पायल डेहराडूनची, वर्तिका उत्तराखंडचीच, विजया मणिपूरची. डोंगरातल्या पोरी. समुद्राचं म्हणाल तर तो त्यांना कागलपेक्षा कितीतरी लांब. नौदलाचे पुष्कळ अधिकारी पुण्याजवळ खडकवासल्याला एनडीएमध्ये घडतात आणि तिथंही समुद्र नाही. धरणाच्या पाण्यात, पीकॉक बे नावाच्या भागात, तिथली मुलं शिडाच्या होड्या चालवायला शिकतात. सर्वोच्च न्यायालयाच्या २०२१ च्या आदेशामुळं एनडीएचं दार मुलींना उघडलं, २०२२ मध्ये पहिली तुकडी आत गेली आणि ३० मे २०२५ ला त्यातल्या १७ जणी संचलन करून बाहेर पडल्या. म्हणजे 'तारिणी' गोव्याला लागली त्याच्या दुसऱ्याच दिवशी.

परीक्षा यूपीएससी घेते, वर्षातून दोनदा. बारावीत असतानाही अर्ज करता येतो. नौदलासाठी मात्र बारावीला फिजिक्स, केमिस्ट्री आणि मॅथ्स लागतं, म्हणजे निर्णय दहावीच्या निकालानंतर लगेच, अकरावीचा फॉर्म भरतानाच घ्यावा लागतो. तिच्या घरी आर्ट्सचं ठरलं होतं, कारण सायन्सचं कॉलेज लांब आणि क्लासची फी जास्त. आम्ही गटातून तिला फीसाठी कर्ज दिलं, बारा हप्त्यांत फेडायचं. पोरगी सध्या अकरावी सायन्सला आहे. आणि पोहायला येत नव्हतं, ते उन्हाळ्याच्या सुट्टीत मामाच्या विहिरीवर पाठीला डबा बांधून शिकली.